ओळीच्या टोकाला

मुरबाडला बदली झाली तेव्हा खोलीसाठी मी तीन घरं फिरलो. पहिल्या घरी माझं आडनाव दोनदा विचारून घेतलं. दुसऱ्या घरी मटण शिजवणार का, असं विचारलं. तिसऱ्या घरी दार उघडणाऱ्या उंच, वाळक्या गृहस्थांनी मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि म्हणाले, "लॅपटॉप हाय का?"

"आहे."

"मोठा का बारका?"

मी दोन्ही हातांनी माप दाखवलं. त्यांचा चेहरा खुलला. "चालंल. पुढं सरका."

पुढे सरका म्हणजे घरात या, हे मला जरा उशिरा कळलं. आयुष्य एसटीत कंडक्टर म्हणून काढलेला माणूस, त्यांच्या तोंडी 'या, बसा' कधी आलंच नाही. इकडे कंडक्टरला मास्तर म्हणतात. निवृत्त होऊन कैक वर्षं झाली तरी सगळं मुरबाड त्यांना मास्तरच म्हणत होतं, मग मीही तेच म्हणू लागलो.

बाहेरच्या खोलीत त्यांनी छताला एक लोखंडी दांडी बसवून घेतली होती, या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत. ती धरून ते उभे राहत. टीव्ही उभ्याने, चहा उभ्याने, पाहुण्यांशी गप्पा उभ्याने. खुर्चीत बसलं की गरगरतं, असं त्यांचं म्हणणं. "लोकांच्या घरात छताला पंखा लटकतो, आमच्यात मालक," असं काकू येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायच्या. मास्तरांवर त्याचा काडीचा परिणाम होत नसे.

तिकिटाला भोक पाडायचा जुना चिमटा त्यांच्या खिशात कायम असायचा. वाचून झालेल्या पेपरला भोक. संपलेल्या दिवसाला कॅलेंडरवर भोक. वाणसामानाच्या यादीत आलेल्या प्रत्येक जिनसेपुढे भोक. पुढे माझ्या लग्नाची पत्रिका मी पाठवली, तेव्हा फोनवर आधी मला 'टक' असा आवाज ऐकू आला आणि मग मास्तर म्हणाले, "आलो समजा."

मुरबाडच्या बाजारातून त्यांच्याबरोबर चालणं म्हणजे एक वेळखाऊ काम होतं. दर दहा पावलांवर कुणीतरी भेटायचं आणि मास्तर हाक मारायचे, "काय वडाचा फाटा, बरं हाय ना?" "ओ धसई, गुडघा काय म्हनतो?" माणसाचं नाव त्यांना माहीत नसे. तो कुठल्या थांब्याला चढायचा, कुठे उतरायचा, हातात कोंबडी असायची की पाटी, हे मात्र पक्कं. समोरचाही खूश होऊन ओ द्यायचा. मला ते फार गमतीचं वाटे. एकदा मी तसं म्हणालो, तर मास्तर चालता चालता थांबले.

"गंमत कसली ओ? इतकी वर्सं लोकं वाहिली. कोनाचं नाव इचारलं नाय. गर्दीत टाइमच नसायचा."

आता लॅपटॉपचं.

मी यायच्या थोडं आधी, सलूनमध्ये दाढी करून घेताना मास्तरांनी न्हाव्याच्या मोबाईलवर एक जुना कार्यक्रम पाहिला होता. चाळीसएक वर्षांपूर्वी टीव्हीवर शेतीचे कार्यक्रम लागत, त्यातला अकरा मिनिटांचा एक तुकडा कुणीतरी इंटरनेटवर टाकला होता. टोकावड्याच्या पुढे, मुख्य रस्ता सोडून आत असलेल्या एका गावातली भाताची आवणी, म्हणजे रोपांची लावणी, त्यात होती. चिखलात ओळीने वाकलेल्या बाया, बैल, बांधावरची माणसं. भारदस्त आवाजातला निवेदक भाताच्या वाणाचं नाव सांगतो, खताचं सांगतो, छत्रीखाली उभ्या असलेल्या अधिकाऱ्याचं तर हुद्द्यासकट सांगतो.

"भाताचं नाव सांगितलान, लावनारनीचं नाय," मास्तर मला पहिल्याच संध्याकाळी दांडीला धरून म्हणाले. त्या आवाजात खरा राग होता. जणू काही निवेदकाने ती माणसं विनातिकीट उतरवली होती.

मास्तरांनी ठरवलं होतं, त्या अकरा मिनिटांत दिसणाऱ्या प्रत्येकाचं नाव शोधायचं. मोबाईलवर चेहरे बोटभर दिसत, म्हणून लॅपटॉपवाला भाडेकरू हवा होता. मी चित्र थांबवायचं, मास्तरांनी मोजायचं. ज्याचा चेहरा दिसेल त्याला नंबर, हा त्यांचा नियम. त्रेचाळीस माणसं निघाली. चव्वेचाळिसावा नंबर कुत्र्याला दिला, कारण तो निवेदकापेक्षा जास्त वेळ दिसतो. नाव कळलं की वहीत नंबरापुढे नाव लिहायचं आणि भोक पाडायचं. "मी गाडीत कुनाला मागं ठेवला नाय," मास्तर म्हणायचे, "हितं पन ठेवनार नाय."

माझे रविवार त्या वहीने गिळले. सकाळच्या गाडीने निघायचं. गाडी अर्धी रिकामी, तरी मास्तर उभे, आणि त्यांच्या समोर मी बसलेलो, म्हणजे लोकांच्या नजरेत मीच उर्मट. गावात पोचलो की कुणाच्या तरी पडवीत लॅपटॉप मांडायचा. पहिल्या रविवारी चार जण आले, तिसऱ्या रविवारी पडवी पुरेना.

एका आजीने पाच नंबरचा माणूस बघितला आणि पदर तोंडाला लावला. ओळखलं होतं हे उघड दिसत होतं. पण नाव विचारलं की म्हणे, "आमच्या घरातलं." नवऱ्याचं नाव ती घेईना आणि तिने सांगितल्याशिवाय मास्तर लिहीनात. शेवटी शेजारणीने तिच्या वतीने नाव घेतलं, आजीने मान हलवली, मग भोक पडलं. नऊ नंबर म्हणजे बिडी ओढणारा एक तरणा गडी. एक बोडका म्हातारा त्याच्याकडे बराच वेळ बघत राहिला.

"ह्यो कोन पोरगा?"

"तूच रे!" मागून सगळे ओरडले.

"मी?" म्हातारा पुढे सरकला. "दात हायत की मला!"

तो पुढचे तीन रविवार फक्त दात बघायला आला.

त्याच पडवीत मंदा आली. अंगणवाडीत मदतनीस, चाळिशीतली, कमी बोलणारी. घर तिचंच होतं. तिने सगळ्यांना चहा आणला. मला कप देताना सासू मागून खेकसली, "उजव्या हातानं दे गो!" मंदाने निमूट कप या हातातून त्या हातात घेतला. माणसं पांगल्यावर ती मास्तरांजवळ आली.

"मास्तर, माझी आय पन ह्यात हाय म्हनत्यात. हिरव्या लुगड्यातली. मी रांगत व्हते तवा ती तापानं गेली. आजीनं वाढवलं, लगीन पन ह्याच गावात झालं. तिचा फोटू नाय कुठं."

हिरवं लुगडं म्हणजे सतरा नंबर. बांधावर उभी असलेली एक तरुण बाई, डोक्यावर काही नाही, चेहरा लख्ख, बाजूला बघून खळखळून हसतेय. चारच सेकंद. मी चित्र थांबवलं. मागे रेंगाळलेल्या म्हाताऱ्यांनी एकमुखाने सांगितलं, हिरवं लुगडं चांगुणाचंच, तिच्या लग्नातलं, अख्ख्या गावात तसं दुसरं नव्हतं.

मंदाने ते चित्र सात वेळा लावायला सांगितलं. आईला पहिल्यांदा बघणाऱ्या माणसाचा चेहरा मी तोवर कधी पाहिला नव्हता. मध्येच ती म्हणाली, "माझं नाक हिच्यासारखं नाय." मी मोठ्या शहाणपणाने म्हणालो, "मुली बापावर जातात." मास्तरांनी चांगुणा असं लिहून भोक पाडलं. सोमवारी मी ऑफिसच्या प्रिंटरवर तो फोटो मोठा काढला, साहेबांच्या नजरेला नजर न देता. पुढच्या रविवारी तो मंदाच्या भिंतीवर होता, चौकटीत, हार घातलेला. परतीच्या गाडीत मास्तर शीळ घालत होते.

दोन महिने असे सुखाचे गेले. वहीत पाच-सहाच नंबर उरले. दातवाल्या म्हाताऱ्याने सांगितलं, गावची सखूबाई वाशिंदला लेकाकडे राहते, लेक कारखान्यात आहे, तिला दाखवा, तिला सगळं ठाऊक असतं. म्हणून आम्ही शहापूरमार्गे वाशिंदला गेलो. नव्या इमारतीत, दुसऱ्या मजल्यावर, सखूबाई खिडकीत बसून खालच्या रिक्षा मोजत होती. आम्हाला बघून तिला इतका आनंद झाला की आम्ही कोण हे विचारायचंच ती विसरली.

तिने भराभरा नावं सांगितली. मास्तरांचा चिमटा टकटकत राहिला. मग सतरा नंबर आला आणि सखूबाईने टाळी वाजवली.

"अगो बाय! ही तं मी!"

"नाय आजी," मास्तर समजुतीने म्हणाले, "नीट बघा. ही चांगुणा. लुगडं हिरवं हाय."

"लुगडं चांगुणाचंच," सखूबाई म्हणाली. "आतली मी."

झालं होतं असं. टीव्हीवाल्यांनी आदल्या दिवशी निरोप पाठवला होता की बायांनी चांगली लुगडी नेसावीत. आता आवणीला कुठली बाई चांगलं लुगडं नेसून चिखलात उतरते? गावात धड लुगडी ती किती, त्यात चांगुणाचं सगळ्यात चांगलं. सखूला तेव्हा सातवा महिना, तिला चिखलात उतरू देत नव्हते, भाकऱ्या घेऊन ती बांधावर. चांगुणा म्हणाली, माझं लग्नाचं लुगडं मी चिखलात घालनार नाय, तू कोरडी हायस, तूच नेस आनि ऱ्हा उभी. आणि स्वतः जुनेर नेसून, पावसासाठी डोक्यावर पानांचं इरलं घेऊन वाफ्यात उतरली.

"आजी," माझ्या तोंडून निघून गेलं, "तुमच्या फोटोला तिकडे हार घातलाय. रोज उदबत्ती लावतात."

सखूबाई ठसका लागेपर्यंत हसली. मी मास्तरांकडे बघितलं. ते सोफ्यावर बसले होते. इतक्या महिन्यांत मी त्यांना पहिल्यांदा बसलेलं बघत होतो.

"मंग चांगुणा कुठं हाय?" त्यांनी बारीक आवाजात विचारलं.

"असंल की टोकाला. ती डावरी. डावऱ्या बाईला ओलीच्या मधी घेत नाय, शेजारनीला कोपर लागतं. तिची जागा कायम डाव्या टोकाला."

मी ओळ पुन्हा लावली. वाकलेल्या सात बाया, सातही जणींचे चेहरे कधी ना कधी दिसलेले, सातही जणींना नंबर. आणि चित्राच्या अगदी डाव्या काठाला, अर्धं कापलेलं एक इरलं आणि एक कोपर. हे आम्ही आधीही पाहिलं होतं. मास्तरांनी विचारलं होतं, चेहरा आहे का? मी नाही म्हणालो होतो. नियमाप्रमाणे नंबर नाही.

परतीच्या वाटेवर आमचं भांडण झालं. मी म्हणालो, मंदाला सांगू नका. तिला आई मिळाली, चेहरा मिळाला, कुणाचं काय बिघडलं? खऱ्या आईचं जे चित्र आहे त्यात चेहराच नाही. ते देऊन हे काढून घेणार?

मास्तर शहापूरच्या स्टँडवर खांबाला धरून उभे होते. "तुमी कंडक्टर नव्हतात," ते म्हणाले. "मी तिला चुकीच्या थांब्यावर उतरवली. आनि तिला वाटतंय, पोचलो."

मला ते पटलं नव्हतं. त्या आठवड्यात मास्तर धड जेवले नाहीत, आणि काकूंनी त्याचा सगळा राग माझ्या लॅपटॉपवर काढला.

रविवारी आम्ही गावी निघालो तर सखूबाई लेकाला घेऊन मुरबाड स्टँडवर हजर. "माझा हार मी काडते," ती म्हणाली. लेकाने आमच्याकडे बघून हात जोडले आणि आईला आमच्या स्वाधीन करून तो परत फिरला.

मंदाच्या घरात शिरल्यावर सखूबाई सरळ भिंतीपाशी गेली, टाचा उंचावून फोटोवरचा हार काढला आणि म्हणाली, "अजून टाइम हाय गो माझा." सासू हसली. मंदा हसली नाही. ती फोटोकडे, मग सखूबाईकडे बघत राहिली. तेच गाल, तेच कपाळ, फक्त चाळीस वर्षांनी म्हातारं झालेलं. सांगायची गरज उरली नव्हती, तरी मास्तरांनी पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळं सांगितलं.

"दोन महिने मी रोज हिला हात जोडले, मास्तर," मंदा म्हणाली. "पोरांना सांगितलं ही तुमची आजी. आनि तुमी आता सांगताय?"

"चूक माझी हाय."

ती आत निघून गेली. आतून भांड्यांचा आवाज येत राहिला. मी मनात म्हटलं, झालं, चार दिवसांचं सुख होतं, तेही आपण हिसकावलं. मास्तर दाराची चौकट धरून उभे होते आणि मला त्यांचा खरोखर राग आला होता.

मग ती पदराला हात पुसत बाहेर आली. "मंग माझी आय कुठं हाय?"

"हाय," मास्तर म्हणाले. "पन तोंड दिसत नाय."

मी लॅपटॉप उघडला. आठवडाभर मी तो तुकडा घोटला होता, मला जागा पाठ होती. संगीत बदलायच्या आधी कॅमेरा जरासा डावीकडे सरकतो. तीन सेकंद, फार तर चार. काठावरची बाई पूर्ण चित्रात येते. इरल्याखाली चेहरा नाहीच. दिसतो तो हात. उजव्या हातात रोपांची मूठ धरलेली आणि डावा हात चिखलात खाली-वर, खाली-वर, इतका झपाझप की शेजारच्या सात जणी तिच्यामागे दोन हात राहिलेल्या. मग कॅमेरा परत उजवीकडे जातो.

"परत लावा," मंदा म्हणाली.

मी लावलं. ती पुढे वाकली.

"डावा हाय," ती म्हणाली. मग पुन्हा, स्वतःशीच, "डावा हाय." तिने आपला डावा हात पडद्याजवळ नेला आणि तसाच धरला. "आमच्यात कुनीच डावरं नाय. आजीनं मारलं, शालंत मारलं, हितं आले तरी बोलनी खाल्ली. मला वाटायचं, मी अशी कुनावर गेले?"

ती रडत होती आणि हसतही होती. मलाही आवरलं नाही, उगाच कशाला लपवू?

सखूबाई फोटो हातात घेऊन तिच्याजवळ बसली. "ह्यो फोटू फेकू नको गो. मी हसतेय ना, ती कुनाकडं बघून? तुझ्या आयकडं. ती तिकडून वरडत व्हती, सखे, माझं लुगडं फाडशील तं बघ!" मंदाने फोटो घेतला, पदराने काच पुसली आणि परत भिंतीवर लावला, हाराशिवाय.

मास्तरांनी वही उघडली. सतरा नंबरपुढचं नाव खोडून सखूबाई लिहिलं. चांगुणाला कुठला नंबर द्यायचा यावर ते अडले. शेवटचा नंबर कुत्र्याचा. "कुत्र्याच्या मागं उभी करता का तिला?" सखूबाई म्हणाली. मास्तरांनी थोडा विचार केला आणि वही मंदासमोर धरून पहिल्या पानाच्या डाव्या समासावर बोट ठेवलं. मंदाने तिथे आईचं नाव लिहिलं, सावकाश, डाव्या हाताने. मास्तरांनी चिमटा दाबला.

नंतर चहा आला. मंदाने कप डाव्या हाताने पुढे केला. मी सासूकडे बघितलं. सासू चुलीकडे बघत होती.

माझी शहापूरला बदली होऊन आता तीन वर्षं झाली. मास्तरांचा फोन येतो, गुडघे कुरकुरतात म्हणतात, पण दांडी सोडलेली नाही. त्यांनी मोठा मोबाईल घेतलाय. यंदाच्या आवणीत त्यांनी मला त्यावर काढलेली एक चित्रफीत पाठवली. मंदाचं शेत आहे. चित्र सारखं हलतं, एकदा अंगठाही मध्ये येतो. पण सुरुवात ओळीच्या अगदी डाव्या टोकापासून आहे, आणि तिथे मंदा आहे, डाव्या हाताने झपाझप रोपं लावणारी, पूर्ण, कुठेही न कापलेली. मास्तर पुढे सरकत एकेकीपाशी थांबतात आणि मोठ्याने नाव घेतात. आठ बाया, आठ नावं. निवेदन म्हणून दुसरं काही नाही. भाताचा वाण कुठला, हे त्यांनी सांगितलेलं नाही.

शेवटच्या बाईचं नाव झाल्यावर लांबून, ओळीच्या त्या टोकाकडून मंदाचा आवाज येतो. "मास्तर, आनि काडनाऱ्याचं नाव?"

बाया हसतात. मास्तर मोबाईल घाईने बांधाकडे वळवतात.

"सांगा की! इतकी वर्सं गाडीनं नेलं आमाला, तुमचं नाव आमी नाय इचारलं कदी!"

मग मास्तर घसा खाकरतात आणि पहिल्यांदाच आपलं नाव सांगतात, आडनावासकट, आणि आठही जणी चिखलात उभ्या राहून ते एका सुरात म्हणतात.